'मध्यम' म्हणजे नेमके किती? : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पावसाचा अंदाज, रक्ततपासणीचा अहवाल, माती परीक्षणाची पत्रिका, हवेच्या गुणवत्तेचा फलक आणि उद्योगाची नोंदणी या सगळ्यांत 'मध्यम' हा शेरा आढळतो, आणि तो वाचताच बहुतेकांचा जीव भांड्यात पडतो. टोकाचे काही नाही, म्हणजे काळजीचेही काही नाही, असा त्याचा सोयीचा अर्थ लावला जातो. तो अर्थ कधी बरोबर असतो आणि कधी चांगलाच महागात पडतो. सोलापूर शहरात व जिल्ह्यात याविषयी जे प्रश्न नेहमी कानावर येतात, त्यांची उत्तरे येथे दिली आहेत.

प्रश्न : मध्यम, सरासरी आणि सामान्य या तिन्हींचा अर्थ एकच आहे का?

नाही. सरासरी ही नोंदींच्या बेरजेला नोंदींच्या संख्येने भागून येणारी एक संख्या आहे. सामान्य म्हणजे त्या ठिकाणी, त्या हंगामात सहसा जे घडते ते. मध्यम हा मात्र एखाद्या मोजपट्टीवरचा कप्पा असतो. त्याला खालची आणि वरची अशा दोन सीमा असतात आणि त्या सीमा कोणीतरी, कोणत्या तरी कामासाठी, ठरवून दिलेल्या असतात. त्यामुळे एकच गोष्ट सामान्यही असू शकते आणि तीव्रही. सोलापूरचा मे महिना हे त्याचे सर्वांत जवळचे उदाहरण आहे.

रोजच्या बोलण्यात मोजपट्टी आपल्या अनुभवातून तयार होते आणि ती सांगण्याची गरज कोणालाच वाटत नाही. करमाळ्याचा शेतकरी ज्याला 'बरा पाऊस झाला' म्हणतो, त्याला महाबळेश्वरचा माणूस भुरभुर म्हणेल, आणि दोघेही खोटे बोलत नसतील. शास्त्राला ही मोकळीक नसते. तेथे शब्दामागे आकडा असावाच लागतो आणि गैरसमजाची सुरुवात बहुधा तेथूनच होते, कारण शब्द आपल्यापर्यंत पोहोचतो आणि आकडा अहवालातच राहतो.

प्रश्न : हवामान खात्याने 'मध्यम पाऊस' सांगितला होता, पण आमच्या गल्लीत गुडघाभर पाणी आले. अंदाज चुकला, असे म्हणावे का?

बहुतेक वेळा नाही. भारतीय हवामान विभागाच्या वर्गवारीत २४ तासांत १५.६ ते ६४.४ मिलिमीटर पाऊस पडला तर तो मध्यम, ६४.५ पासून ११५.५ पर्यंत जोरदार, ११५.६ पासून २०४.४ पर्यंत अतिजोरदार आणि त्यापुढे अत्यंत जोरदार मानला जातो. हे २४ तास सकाळी साडेआठ ते दुसऱ्या दिवशी सकाळी साडेआठ असे मोजले जातात. यात दोन गोष्टी दडलेल्या आहेत. एक, या कप्प्याच्या तळाचा पाऊस आणि माथ्याचा पाऊस यांत चौपटीचा फरक आहे. दुसरी, तो पाऊस किती वेळात पडला याची दखल ही वर्गवारी घेत नाही. रात्रभर रिपरिप पडून जमा झालेले ६० मिलिमीटर आणि संध्याकाळी पाऊण तासात कोसळलेले ६० मिलिमीटर हे दोन्ही कागदावर मध्यमच ठरतात.

आता हा आकडा घराच्या पातळीवर पाहू. एक हजार चौरस फुटांचे छत म्हणजे सुमारे ९३ चौरस मीटर. त्यावर ६० मिलिमीटर पाऊस पडला की साडेपाच हजार लिटरपेक्षा अधिक पाणी होते, म्हणजे पाण्याचा एक टँकर. ज्या गल्लीत अशी चाळीस घरे आहेत, जेथे अंगणापासून रस्त्यापर्यंत सिमेंटचा गिलावा झाला आहे आणि गटार प्लास्टिकच्या पिशव्यांनी भरलेले आहे, तेथे पाऊण तासात चाळीस टँकर ओतल्यावर काय होईल हे सांगायला हवामानशास्त्र लागत नाही. पाऊस मध्यम होता. पाण्याचा निचरा मध्यमसुद्धा नव्हता. आपल्याकडे सखल भागात पाणी शिरले की पहिला राग अंदाजावर निघतो आणि नाल्यावरचे अतिक्रमण सहीसलामत सुटते, हे आमचे स्पष्ट मत आहे.

प्रश्न : सोलापुरात ४२ अंश तापमान टोकाचे मानायचे की नेहमीचे?

येथील मे महिन्याचे सरासरी कमाल तापमान चाळीस अंशांच्या आसपास असते. हवामान विभागाच्या निकषानुसार मैदानी प्रदेशात उष्णतेची लाट जाहीर होण्यासाठी कमाल तापमान किमान ४० अंश असावे लागते आणि शिवाय ते त्या दिवसाच्या सरासरीपेक्षा ४.५ ते ६.४ अंशांनी जास्त असावे लागते. फरक त्याहून मोठा असेल तर ती तीव्र लाट होय. सरासरी काहीही असली, तरी ४५ अंशांना लाट आणि ४७ अंशांना तीव्र लाट मानतात. किनारपट्टीसाठी हाच उंबरठा ३७ अंश आहे आणि डोंगराळ भागासाठी ३० अंश. म्हणून रत्नागिरीत ३८ अंशांना उष्णतेची लाट जाहीर होऊ शकते, आणि त्याच दिवशी ४२ अंशांत होरपळणाऱ्या सोलापूरचे नावही त्या यादीत नसते.

यात अन्याय झाल्यासारखे वाटते, परंतु निकष एका विचाराने केलेला आहे. तो 'किती तापले' यापेक्षा 'येथील लोकांना सवय आहे त्यापेक्षा किती जास्त तापले' हे मोजतो. आयपीसीसी ही हवामान बदलाचा आढावा घेणारी आंतरशासकीय समितीदेखील टोकाच्या हवामानाची व्याख्या अशीच करते : त्या ठिकाणी, वर्षाच्या त्या काळात, जी घटना नोंदींच्या वरच्या किंवा खालच्या दहा टक्क्यांत मोडते किंवा त्याहूनही दुर्मीळ असते, ती टोकाची.

मात्र शरीराला सरासरी कळत नाही. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत पत्र्याच्या छताखाली, यंत्रमागांच्या धगीत आणि खडखडाटात बारा तास उभा असलेला कामगार जे तापमान सोसतो, ते वेधशाळेच्या आकड्यात नसतेच. कारण तेथील तापमापक सावलीत, हवेशीर लाकडी पेटीत, जमिनीपासून सुमारे सव्वा मीटर उंचीवर ठेवलेला असतो. सवयीमुळे घाम लवकर व अधिक प्रमाणात सुटू लागतो आणि उष्णता थोडी अधिक सोसते, हे खरे असले तरी तिलाही मर्यादा आहे. तेव्हा 'आपल्याकडे हे नेहमीचेच' हे वाक्य हवामानाच्या दृष्टीने बरोबर आहे. दुपारी बारा ते तीन या वेळेत काम चालू ठेवण्याचे कारण म्हणून ते वापरणे गैर आहे.

प्रश्न : पाऊस 'सरासरीइतका' झाला असे जाहीर होते, तरी तलाव कोरडा कसा राहतो?

जिल्ह्याच्या पातळीवर सरासरीपेक्षा १९ टक्के कमी ते १९ टक्के जास्त या पट्ट्यातील पाऊस 'सामान्य' गणला जातो. म्हणजे ८२ टक्के पाऊस झाला तरी सामान्य आणि ११८ टक्के झाला तरी सामान्य. संपूर्ण देशाच्या मोसमी पावसासाठी हाच पट्टा ९६ ते १०४ टक्के इतका अरुंद आहे, कारण मोठ्या क्षेत्रावर कमी-जास्त एकमेकांत मिसळून जाते. त्यातच जिल्ह्याची बेरीज जून ते सप्टेंबर या चार महिन्यांची असते. जून-जुलैत उघडीप आणि सप्टेंबरच्या शेवटी दहा दिवसांत भरपाई, अशी साथ मिळाली तर बेरीज जुळते, पण खरिपाची तूर व उडीद त्याआधीच करपलेले असतात. अवर्षणप्रवण जिल्ह्यात अशा बेरजेवर विसंबून चालत नाही.

प्रश्न : मोबाईलवर हवेचा निर्देशांक कधी 'मध्यम' तर कधी 'अनारोग्यकारक' दिसतो. खरे काय?

दोन्ही खरे असू शकते. भारताच्या हवा गुणवत्ता निर्देशांकात ० ते ५० चांगली, ५१ ते १०० समाधानकारक आणि १०१ ते २०० मध्यम असे टप्पे आहेत. अमेरिकेच्या निर्देशांकात मध्यम हा टप्पा ५१ ते १०० आहे. काही अ‍ॅप भारतीय पट्टी वापरतात, काही अमेरिकी. हवेत पीएम २.५ या सूक्ष्म धूलिकणांचे प्रमाण घनमीटरला ८० मायक्रोग्रॅम असेल, तर भारतीय पट्टीवर ती हवा मध्यम ठरते (६१ ते ९०) आणि अमेरिकी पट्टीवर थेट अनारोग्यकारक. जागतिक आरोग्य संघटनेने २०२१ मध्ये २४ तासांसाठी सुचवलेली मर्यादा तर १५ मायक्रोग्रॅमच आहे.

भारतीय पट्टीवरील 'मध्यम' या टप्प्यासोबत जो अधिकृत इशारा दिला जातो, तो फुप्फुसाचे विकार, दमा व हृदयविकार असलेल्यांना श्वास घेताना त्रास होऊ शकतो असा आहे. तो फलकावर बारीक अक्षरात असतो आणि रंग पिवळा असतो, म्हणून कोणी वाचत नाही. २०१९ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रमात ज्या शहरांची हवा मानकात बसत नाही अशांच्या यादीत सोलापूरचेही नाव आहे, ही गोष्ट येथे लक्षात ठेवण्यासारखी आहे.

प्रश्न : रिपोर्टवर 'मध्यम रक्तक्षय' असे आले आहे. म्हणजे फारसे गंभीर नाही ना?

वैद्यकशास्त्रात सौम्य, मध्यम आणि तीव्र ही उतरंड आजार आहे हे निश्चित झाल्यानंतरच सुरू होते. निरोगी माणूस या पट्टीवर कोठेच नसतो. त्यामुळे येथे मध्यमाचा अर्थ 'चांगले आणि वाईट यांच्या मधोमध' असा होत नाही. तो 'वाईट आणि फार वाईट यांच्या मधोमध' असा होतो. हा फरक न समजल्यामुळे जितकी हेळसांड होते, तितकी बहुधा या पानावरील दुसऱ्या कोणत्याच शब्दामुळे होत नसेल.

जागतिक आरोग्य संघटनेच्या रूढ निकषांनुसार गरोदर नसलेल्या प्रौढ स्त्रीचे हिमोग्लोबिन (डेसिलिटरला ग्रॅममध्ये) १२ च्या खाली गेले की रक्तक्षय मानतात; ११ ते ११.९ सौम्य, ८ ते १०.९ मध्यम आणि ८ पेक्षा कमी तीव्र. गरोदरपणात हेच टप्पे १० ते १०.९, ७ ते ९.९ आणि ७ पेक्षा कमी असे आहेत. सातव्या महिन्यातील बाईचे हिमोग्लोबिन ७.२ असेल तर कागदावर 'मध्यम' येते. सासूबाई म्हणतात, "मध्यम आहे म्हणे, तीव्र नाही," आणि लोहाच्या गोळ्यांनी मळमळते म्हणून त्या बंद होतात. प्रत्यक्षात तीव्र रक्तक्षयापासून हे अंतर केवळ ०.२ चे असते आणि प्रसूतीत नेहमीइतका रक्तस्राव झाला तरी ते ओलांडले जाते. अशा वेळी 'मध्यम' हा शब्द बाजूला ठेवून आकडा विचारावा आणि गोळ्या बंद करण्याआधी डॉक्टरांशी बोलावे.

अंगणवाडीतही हीच गोष्ट घडते. सहा महिने ते पाच वर्षे वयाच्या मुलाच्या दंडाचा घेर ११५ मिलिमीटरपेक्षा कमी असेल तर ते तीव्र कुपोषित, म्हणजे सेविकांच्या बोलण्यातले 'सॅम'. ११५ ते १२५ च्या दरम्यान असेल तर मध्यम कुपोषित, म्हणजे 'मॅम'. दंडाला गुंडाळायच्या पट्टीवर पहिला भाग लाल असतो, दुसरा पिवळा आणि तिसरा हिरवा. पिवळ्या भागाची रुंदी केवळ एक सेंटीमीटर आहे. एखादे जुलाबाचे दुखणे आले की पंधरा दिवसांत मूल पिवळ्यातून लाल भागात जाते, हे कोणतीही अनुभवी सेविका सांगेल. मॅम मुलाला जादा आहार द्यायचा आणि त्याच्यावर लक्ष ठेवायचे, ते त्याचसाठी.

कोविडच्या काळाची आठवण अजून ताजी आहे. त्या वेळच्या राष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांत रक्तातील ऑक्सिजन ९० ते ९३ टक्के असलेल्या रुग्णाला 'मध्यम' म्हटले होते, आणि मध्यम म्हणजे घरी थांबणे नव्हे, तर वॉर्डात दाखल करून ऑक्सिजन लावणे, असे त्या सूचनांत स्पष्ट होते.

वेदनेच्या बाबतीत मात्र मोजपट्टी रुग्णाच्याच हाती असते. शून्य ते दहापैकी किती दुखते, असे विचारतात आणि चार ते सहा या उत्तराला मध्यम वेदना समजतात. आपल्याकडे बायका सहा सांगायच्या ऐवजी तीन सांगतात आणि पुरुष डॉक्टरांसमोर हसून "चालतंय की" म्हणतात, त्यामुळे या पट्टीची किंमत जरा कमीच धरावी लागते.

प्रश्न : 'मध्यम व्यायाम' म्हणजे किती?

ज्या श्रमात शरीर स्वस्थ बसलेले असताना लागणाऱ्या ऊर्जेच्या तिप्पट ते सहापट ऊर्जा खर्च होते, तो मध्यम व्यायाम. त्याची साधी कसोटी अशी की, चालताना बोलता यावे, पण गाणे म्हणता येऊ नये. सिद्धेश्वर तलावाच्या कडेने गप्पा मारत रमतगमत केलेली फेरी त्यात बसत नाही; झपझप चालणे बसते. प्रौढांसाठी आठवड्याला १५० ते ३०० मिनिटे असा व्यायाम जागतिक आरोग्य संघटना सुचवते.

येथे एक स्थानिक गोष्ट सांगायला हवी. विड्या वळणाऱ्या हजारो स्त्रिया दिवसभर मान खाली घालून, मांडी घालून बसतात, आणि संध्याकाळी त्यांची पाठ, मान व बोटे भरून येतात. हे कष्ट आहेत यात शंका नाही, पण ऊर्जेच्या हिशेबात हे बैठे काम आहे. "दिवसभर राबते, मला वेगळा व्यायाम कशाला," हे म्हणणे म्हणूनच अर्धेच खरे आहे.

प्रश्न : दारू किंवा तंबाखू 'बेताने' घेतली तर चालते का?

येथे बेताला जागा नाही. मद्याचे कोणतेही प्रमाण आरोग्यासाठी निर्धोक नाही, असे जागतिक आरोग्य संघटनेने जानेवारी २०२३ मध्ये स्पष्ट केले. तंबाखूचे तर विचारूच नये : दिवसाला एकच सिगारेट ओढणाऱ्याच्या हृदयविकाराच्या वाढीव धोक्याचे प्रमाण वीस ओढणाऱ्याच्या सुमारे निम्मे भरते, एक विसांश भरत नाही. 'अति तेथे माती' ही म्हण मिठाला, व्यायामाला आणि झोपेला लागू आहे. ज्या पदार्थाचे थोडेही नुकसानच करते, त्याला ती लावणे हा मनाचा सोयीस्कर खेळ आहे.

प्रश्न : 'मध्यम जमीन' असे आमचे वडीलधारे म्हणतात आणि माती परीक्षणाच्या पत्रिकेतही मध्यम येते. दोन्ही एकच का?

नाही, आणि दोन्ही उपयोगी आहेत. शेतकऱ्याची हलकी, मध्यम आणि भारी ही वर्गवारी मुख्यतः मातीच्या खोलीवर आणि ती ओल किती धरते यावर आधारलेली आहे. रब्बी ज्वारीच्या शिफारशींत साधारणपणे ४५ सेंटीमीटरपर्यंत खोलीची जमीन हलकी, ४५ ते ६० सेंटीमीटर मध्यम आणि त्याहून खोल ती भारी धरतात. मोहोळच्या संशोधन केंद्राची देणगी असलेली मालदांडी ३५-१ मध्यम जमिनीसाठी सांगितली जाते. परतीच्या पावसाची ओल जमिनीत किती दिवस टिकेल यावर दाणा भरायचा की नाही हे ठरत असल्याने ही वर्गवारी शेताच्या बांधावर उभी राहून, पहारीने मुरूम लागेपर्यंत खणून, तपासता येते.

पत्रिकेतील मध्यम रसायनाचे असते. सेंद्रिय कर्ब ०.५ ते ०.७५ टक्के असेल तर रूढ तीन टप्प्यांच्या वर्गवारीत तो मध्यम. उपलब्ध नत्र हेक्टरी २८० ते ५६० किलो असेल तर मध्यम. खत किती द्यायचे हे त्यावरून ठरते. खोलीने भारी असलेली जमीन नत्राने कमी असणे, हे सोलापूर भागात अगदी नेहमीचे चित्र आहे.

प्रश्न : किल्लारीचा भूकंप 'मध्यम' होता असे एका ठिकाणी वाचले. हे कसे शक्य आहे?

३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे झालेल्या त्या भूकंपाचा धक्का सोलापुरातील त्या पिढीच्या प्रत्येकाला आठवतो. जवळपास दहा हजार माणसे गेली. त्याची तीव्रता रिश्टर मापनावर सहापेक्षा थोडी अधिक होती आणि भारतीय हवामान विभागाच्या वर्गवारीत ५ ते ६.९ या टप्प्याला मध्यम म्हणतात; अमेरिकी वर्गवारीत ६ च्या पुढचा भूकंप 'जोरदार' गणला जातो. ही वर्गवारी जमिनीखाली किती ऊर्जा मोकळी झाली हे सांगते. किती घरे पडतील हे सांगणे तिचे काम नाही.

या मापनात एक अंक वाढला की ऊर्जा सुमारे ३२ पट होते. म्हणजे 'मध्यम' या एकाच कप्प्याच्या तळाशी आणि माथ्याशी असलेल्या भूकंपांच्या ऊर्जेत सुमारे सातशे पटींचा फरक पडू शकतो. किल्लारीत केंद्र उथळ होते, लोक झोपेत होते, आणि घरे मातीत रचलेल्या जाड दगडी भिंतींची, वर मातीचा जड धाबा असलेली होती. भिंत सुटली की धाबा खाली येत असे. त्याच आकड्याचा भूकंप लाकडी, हलक्या घरांच्या गावात झाला असता, तर मृतांचा आकडा वेगळा असता. सोलापूरच्या जुन्या पेठांत अशा बांधणीचे वाडे अजून उभे आहेत, एवढे सांगून हे उत्तर आवरते घेतो.

प्रश्न : आमचा टॉवेलचा कारखाना 'मध्यम उद्योग' होता, तो एका रात्रीत 'लघु' कसा झाला?

कारखाना बदलला नाही, सीमा बदलल्या. १ एप्रिल २०२५ पासून लघु उद्योगाची मर्यादा यंत्रसामग्रीतील गुंतवणूक २५ कोटी आणि उलाढाल १०० कोटी अशी झाली. आधी ती १० कोटी आणि ५० कोटी होती. मध्यम उद्योगाची मर्यादा आता १२५ कोटी आणि ५०० कोटी आहे. ज्याची गुंतवणूक १८ कोटी आणि उलाढाल ८० कोटी आहे, असा कारखाना ३१ मार्चला मध्यम होता आणि दुसऱ्या दिवशी लघु झाला. निर्यातीची रक्कम उलाढालीतून वगळली जाते, हे टॉवेल परदेशी पाठवणाऱ्यांनी विशेष ध्यानात ठेवावे.

प्रश्न : टोकाची नोंद ओळखायची कशी? आणि ती वगळावी का?

संख्याशास्त्रात यासाठी अनेक रीती आहेत. सर्व नोंदी चढत्या क्रमाने लावून मधली नोंद घेतली की मध्यक मिळतो. मधल्या निम्म्या नोंदींचा पट्टा पाहिला की नेहमीची व्याप्ती कळते, आणि त्या पट्ट्याच्या दीडपटीपेक्षा दूर असलेल्या नोंदीकडे संशयाने पाहण्याची रूढी आहे. नोंदींची विभागणी आलेखावर घंटेच्या आकाराची असेल, तर सुमारे ६८ टक्के नोंदी सरासरीच्या एका प्रमाण विचलनाच्या (नोंदी सरासरीपासून किती पसरल्या आहेत याच्या मापाच्या) आत आणि सुमारे ९५ टक्के दोनच्या आत येतात. कारखान्यातील वीस कामगारांना दरमहा १२ हजार रुपये आणि मालकाला ५ लाख मिळत असतील, तर सरासरी उत्पन्न ३५ हजारांच्या वर जाते, जे तेथे एकालाही मिळत नाही. मध्यक १२ हजारच राहतो.

वगळण्याबाबत सावध असावे. टोकाची नोंद यंत्राच्या बिघाडाने आलेली असू शकते, तशीच ती सर्वांत महत्त्वाची बातमीही असू शकते. अंटार्क्टिकावरील ओझोनचा थर पातळ होत असल्याचे ब्रिटिश शास्त्रज्ञांनी जमिनीवरील यंत्राच्या आधारे १९८५ मध्ये जाहीर केले. अमेरिकी उपग्रहाकडे तशा नोंदी आधीपासून होत्या, परंतु १८० डॉब्सन एककांपेक्षा (ओझोनच्या थराचे माप) कमी मूल्ये संशयास्पद म्हणून वेगळी काढली जात होती आणि त्यांची छाननी मागे पडली होती.

प्रश्न : फार वाईट वर्षानंतर केलेल्या उपायामुळे आकडे मध्यम झाले. उपाय लागू पडला, असे समजावे का?

लगेच नाही. फ्रान्सिस गाल्टन यांनी १८८६ मध्ये आई-वडील आणि मुलांच्या उंचीवरून दाखवून दिले की, टोकाच्या नोंदीनंतरची नोंद बहुधा सरासरीकडे झुकते. ज्या चौकात एका वर्षी विलक्षण जास्त अपघात झाले, तेथे काहीही न करता पुढच्या वर्षी ते घटण्याची शक्यता अधिक असते. गतिरोधक बसवला, नारळ फोडला किंवा फलक लावला, श्रेय त्यालाच जाते. उपायाची परीक्षा करायची असेल तर तसाच, पण उपाय न केलेला दुसरा चौक शेजारी ठेवून काही वर्षे पाहावे लागते.

प्रश्न : राजकारणातील 'मवाळ' आणि 'जहाल' यांना हीच मोजपट्टी लावता येते का?

काही अंशी. १९०७ च्या सुरत अधिवेशनात काँग्रेस दुभंगली, तेव्हा गोपाळ कृष्ण गोखले मवाळ आणि लोकमान्य टिळक जहाल गणले गेले. परंतु १९११ मध्ये सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचे विधेयक मांडणारे गोखले सरकारला मुळीच मवाळ वाटले नाहीत, आणि ते विधेयक फेटाळले गेले. पुढे डिसेंबर १९२९ मध्ये लाहोरला काँग्रेसनेच पूर्ण स्वराज्याचा ठराव केला, म्हणजे वीस-बावीस वर्षांपूर्वीचे टोक आता मध्यभागी आले. मे १९३० मध्ये सोलापुरात मार्शल लॉ लागला आणि १२ जानेवारी १९३१ रोजी मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे व श्रीकिसन सारडा यांना फाशी झाली. सरकारच्या लेखी ते टोकाचे होते. शहराने चौकात त्यांचे पुतळे उभारले. विचारांच्या पट्टीला मिलिमीटर नसतात आणि तिची दोन टोके कोण धरून उभा आहे यावर तिचा मध्य ठरतो.

प्रश्न : 'मॉडरेटर' या शब्दाचा या सगळ्याशी काही संबंध आहे का?

आहे. इंग्रजीत मध्यमाला 'मॉडरेट' म्हणतात आणि टोके कमी करणारा तो मॉडरेटर. बोर्डाच्या परीक्षेत उत्तरपत्रिका तपासणाऱ्या शिक्षकांपैकी कोणाचा हात आखडता असतो, कोणाचा सढळ. मॉडरेटर त्यांतील काही उत्तरपत्रिका पुन्हा तपासून गुणदानातील ही तफावत कमी करतात. अणुभट्टीत मंदायक, म्हणजे इंग्रजीतला मॉडरेटरच, अशाच प्रकारचे काम करतो. विखंडनातून, म्हणजे अणूचे केंद्रक फुटण्यातून, बाहेर पडणारे न्यूट्रॉन अतिशय वेगवान असतात आणि त्या वेगाने ते युरेनियमच्या पुढच्या अणूचे विखंडन सहज घडवू शकत नाहीत, म्हणून त्यांना टकरा देऊन मंद केले जाते. तारापूरच्या १९६९ मधील पहिल्या दोन भट्ट्यांत हे काम साधे पाणी करते, तर तिसऱ्या आणि चौथ्या भट्टीत जड पाणी. या ठिकाणी वेग कमी झाल्यामुळे साखळी प्रक्रिया थांबत नाही. ती चालू राहते ती त्याचमुळे.